आबाजीमामांचा कापलेला आहेर

कळसच्या बिरदेवच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या मेंढरांची लोकर कातरली जायची. बिरदेव मुंबईला जाऊन एका सिनेसंकलकाच्या हाताखाली फिल्म कातरायला शिकला. चौऱ्याण्णव साली तो परतला, बारामतीत दोन व्हीसीआर जोडले आणि लग्नाच्या कॅसेटी करून द्यायचं दुकान थाटलं. दारावर ऐटीत ‘फिल्म एडिटर’ रंगवून घेतलं. लोक आत डोकावून झेरॉक्स मिळेल का, विचारायचे.

पहिलं मोठं काम आलं ते इंदापूरच्या आप्पासाहेबांच्या रोहिणीच्या लग्नाचं. जमलं तर अख्खा तालुका आपला, फसलं तर बापाच्या उसाला पाणी धरायचं, हे बिरदेव ओळखून होता. त्यानं जीव ओतला. दिवसभराचं लग्न पाऊण तासात बसवलं. आहेर तेवढा सबंध कापला. टॉवेल-टोपी, फेटा, नारळ, पुन्हा टॉवेल-टोपी. हे कोण बघणार?

कॅसेट बघायला आप्पासाहेबांच्या अंगणात सगळा गोतावळा जमला. पाठवणीला बायकांनी डोळ्यांना पदर लावले आणि बिरदेव मनातल्या मनात बक्षीस घेऊन स्टेजवरून खाली उतरला. तेवढ्यात नवरीचे मामा, आबाजी, म्हणाले, “माझा आहेर कुठं हाय?”

“मामा, तो भाग जरा लांबत हुता.”

“लांबणारच. पैठणी हुती ती, हातरुमाल न्हाय.”

नवरीची आत्या साखरबाई तर उठलीच. “म्हंजी आमी नुसतं जेवायला आलो हुतो व्हय?”

आप्पासाहेबांनी कॅसेट काढून बिरदेवच्या हातात ठेवली. “एवढी माणसं दुखवून मला ही नगं.”

बिरदेवच्या डोळ्यांपुढं ऊस उभा राहिला. त्यानं धीर करून पिशवीतली न कापलेली कॅसेट लावली. आहेर सुरू झाला आणि उठलेली माणसं खाली बसली. जो तो आपली पाळी यायची वाट बघत दुसऱ्याच्या लुगड्याला नावं ठेवत होता. कंटाळा औषधालाही नव्हता. बिरदेव टीव्हीकडं पाठ करून त्या माणसांकडंच बघत बसला.

नवी कॅसेट त्यानं आहेराभोवतीच रचली. आबाजींचा राग घालवायला त्यांना दोनदा दाखवलं. त्यावर साखरबाई म्हणाली, “मामाला दोनदा आन्‌ आत्याला एकदा?” मग सगळेच दोनदा आले. एका लग्नाच्या दोन कॅसेटी झाल्या, आणि आप्पासाहेबांनी त्या टीव्हीवर विणकामाच्या रुमालाखाली मानानं ठेवल्या.

तालुका बिरदेवचा झाला. दोन-तीन वर्षांनी मुंबईच्या एका मालिकेनंही त्याला बोलावलं. मालिकेतली सासू काही बोलली की कुणाचं तोंड आधी आणि किती वेळ दाखवायचं, हे त्याला कुणी सांगावं लागत नव्हतं. अर्धा आठवडा तिकडं, अर्धा बारामतीत, असा त्याचा संसार बरा चालला.

आबाजींच्या मुलाचं, यशराजचं लग्न झालं, तेव्हा मात्र तो मालिका सोडून आला. कॅसेट जोडायला बसला, तर आबाजी आधीच खुर्ची ओढून शेजारी बसलेले.

“मामा, तुमी कशाला? मी कुणालाच कापत न्हाय आता.”

“तेच सांगाय आलोय,” आबाजी म्हणाले. “साखरबाईला जरा काप.”