समुद्राआधी येलदरी: एकटीनं झोपायची रंगीत तालीम

कोकणचा किनारा मोटरसायकलवरून एकटीनं करायचा आणि वाटेत तंबूत राहायचं, हे मी पाथरीच्या आमच्या स्वयंपाकघरात, मेथी निवडता निवडता जाहीर केलं. रेवसपासून वेंगुर्ल्यापर्यंत, मधल्या खाड्या फेरीबोटीनं ओलांडत, बारा दिवस. आमचे हे समोर पेपर वाचत होते. त्यांनी पेपर खाली केला नाही, पण पान उलटायचे थांबले.

"एकटीनं म्हणजे मी मागे बसणार?"

"मागे तंबू बसणार."

हे निवृत्त हेडमास्तर. उत्तर द्यायला एक दिवस घेतात आणि मग ते उत्तर बदलत नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी तोडगा मांडला: मी पुढे मोटरसायकलवर, मागे कारमध्ये ते आणि माझा धाकटा भाऊ, सोबत गरम पाण्याचा थर्मास. वेग ताशी चाळीस. मी म्हटलं, याला सहल म्हणत नाहीत, वरात म्हणतात.

खरं सांगायचं तर मला समुद्र जेवढा हवा होता, तेवढंच ते 'एकटीनं' हवं होतं. वयाच्या एकसष्टाव्या वर्षी माझ्या लक्षात आलं की मी आजवर एकही रात्र एकटी झोपलेली नाही. लहानपणी दोन बहिणींच्या मधे. मग औरंगाबादच्या कॉन्व्हेंटचं वसतिगृह, तिथे चाळीस खाटांची रांग. दिवे मालवल्यावर सिस्टर पावलांचा आवाज न करता फिरायच्या आणि आम्ही तोंडात चादर कोंबून हसायचो. मग लग्न, मग एका बाजूला मुलगी आणि पलीकडे खोकणाऱ्या सासूबाई. मी गावच्या शाळेत तीस वर्षं शास्त्र शिकवलं, निवृत्तीच्या पैशातून दीडशे सीसीची जुनी मरून मोटरसायकल घेतली, पण एकटीची रात्र काही मिळाली नाही.

शेवटी असा करार झाला: येलदरीला धरणाच्या पाण्याकाठी एक रात्र एकटीनं राहून दाखवायचं. जमलं तर कार घराबाहेर निघणार नाही. नाही जमलं तर वरात.

जानेवारीच्या मध्यावर निघाले. मुलीनं पुण्याहून कुरिअरनं पाठवलेला तंबू, झोपायची पिशवी, छोटी गॅसची शेगडी, नूडल्सची चार पाकिटं. ज्यांना असं जायचं असेल त्यांच्यासाठी सांगते: सामान मागच्या सीटवर आडवं बांधा, उभं नको. मी उभं बांधलं होतं, आणि दुरून ते माणसासारखं दिसत होतं, त्यामुळे सेलूपर्यंत तीन ओळखीच्यांनी ह्यांना नमस्कार केला.

सेलूपर्यंत रस्ता बरा आहे. पंपावर पाचशेचं पेट्रोल टाकलं, परत आले तरी त्यातलं उरलं होतं. पंपावरच्या माणसानं झाकण लावलं आणि इकडे तिकडे पाहिलं.

"साहेब मागून यायलेत का?"

"नाही."

"बरं बरं. मग पुढं गेले असतील," तो म्हणाला, आणि मला वाटेला लावलं.

वालूरला चहाला थांबले. इथली जुनी बारव पाहण्यासारखी आहे, गोल पायऱ्या उतरत गेलं की हवा गार होत जाते. थोडा वेळ काढून उतरा, पण पायऱ्या निसरड्या आहेत आणि मोटरसायकलचे बूट त्यासाठी केलेले नाहीत. चहावाल्यानं न विचारता दोन कप पुढे ठेवले.

"मी एकटीच आहे."

"असू द्या की, येतील." त्यानं दुसऱ्या कपावर बशी झाकली. माणूस इतका आश्वासक होता की मला नाही म्हणवेना. मी पहिला कप प्याले, थोडं थांबून दुसराही. निघताना त्यानं विचारलं, "आले न्हाईत का मग?" त्याच्या चेहऱ्यावर माझ्याबद्दल खरंच वाईट वाटल्याचं दिसत होतं.

जिंतूरच्या पुढे रस्ता चढउतारांचा होतो, टेकड्या लागतात, आणि मग एका वळणावर पाणी दिसतं. आमच्या सपाट, काळ्या मुलखातल्या माणसाला एवढं पाणी एकदम पाहायची सवय नसते. मी गाडी बाजूला घेतली. उन्हात दूरवर पसरलेलं, काठ धूसर झालेलं. समुद्र नव्हता, पण रंगीत तालमीला मुख्य पात्र कुठे येतं?

धरणाच्या भिंतीजवळ तंबू लावू देत नाहीत, आणि ते बरोबरच आहे. मी धरणामागे पसरलेल्या पाण्याच्या कडेनं थोडं पुढे गेले. वस्तीतल्या एका शेतकऱ्याला विचारलं, त्यानं शेताचा मोकळा तुकडा दाखवला. पाणी शंभर पावलांवर, एक बाभूळ, माणूस नाही. मनातल्या मनात मी करार जिंकला होता.

तंबूच्या खुंट्या मात्र काळ्या जमिनीच्या भेगांत गेल्या आणि दिसेनाशा झाल्या. मी गुडघ्यावर बसून एका भेगेत हात घालत असताना मागून आवाज आला.

"काय हारवलं?"

पन्नाशीच्या पुढची, काटक बाई. डोक्यावर गवताचा भारा, त्याखालून नजर थेट माझ्यावर. या कौसाबाई. तंबूची जागा दिलेल्या शेतकऱ्याच्या कारभारीण.

"खुंटी गेली आत."

त्यांनी भारा टाकला, कुठून तरी बैलाचे दोन खुंटे आणले, दगडानं ठोकले, आणि तंबूचा दोर दाव्यासारखा बांधून टाकला. मग आत डोकावल्या.

"मच्छरदानीच हाय की. फक्त जीव गुदमरायची सोय जास्त केलीय." मग बाहेर येऊन हळूच विचारलं, "खरं सांगा बाई. घरी भांडन झालंय का?"

"नाही हो."

"मालक मारतेत का?"

"अजिबात नाही. चांगले आहेत."

कौसाबाईंनी मान हलवली. "मग तं लयच अवघड हाय."

मी त्यांना कोकणाचं सांगितलं, कराराचं सांगितलं, एकटीनं झोपायचं सांगितलं. त्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं, भारा उचलला आणि गेल्या. मला वाटलं, पटलं.

सूर्य टेकला तशा त्या परत आल्या. काखेत वाकळ, मागे त्यांची जाऊ शेवंता, तिच्याकडे भाकरी आणि पिठल्याचं पातेलं, आणि शेजारची नवी सून तारा, तिच्याकडे आणखी दोन वाकळा.

"सोबतीला आलाव," कौसाबाई म्हणाल्या.

आमच्याकडे ही जुनी रीत आहे. घरात बाई एकटी असली की शेजारची कुणी तरी तिच्याकडे झोपायला जाते. कुणी बोलावत नाही, कुणी आभार मानत नाही. मीही किती तरी जणींकडे गेले आहे. कोकणाचा नकाशा महिनाभर पाहिला, पण ही रीत माझ्या डोक्यातच आली नाही.

"अहो, पण मला एकटीला झोपायचंय."

"झोपा की एकट्या. आमी बाजूला झोपताव."

"माझा करार मोडेल."

"करार तुमच्या घरचा. उद्या तुमाला विंचू चावला तं लोक कुनाचं नाव घेतील? ह्या वस्तीत तीन बाया असून परक्या बाईला उघड्यावर टाकलं म्हनतील." शेवंतानं तोवर वाकळ अंथरलीसुद्धा.

मी निदान स्वयंपाक तरी आपला करावा म्हणून नूडल्स शिजवले. शेवंतानं वाटीत बोट घातलं. "शेवया हायत. गूळ घालायचा विसरलाव बाई." आणि कमरेच्या पिशवीतून खडा काढून तिनं तो त्यात कुस्करला. मी खाल्ले. ज्यांना उत्सुकता असेल त्यांना सांगते, वाईट लागत नाही. पण पिठलं-भाकरी त्याहून पुष्कळ बरी.

तारा तेवढ्यात तंबू बघायला आत शिरली होती. चेन वर-खाली करून पाहिली, खिसे पाहिले, झोपायची पिशवी पाहिली.

"बाई, ह्यात पाय घालून बघू?"

"बघ."

तिनं पाय घातले, मग हात घातले, आणि पाच मिनिटांत तिचं घोरणं ऐकू आलं.

"उठवू नगा," शेवंता म्हणाली. "पाचला उठती रोज. सासू खवट हाय."

म्हणून मी बाहेर, कौसाबाई आणि शेवंता यांच्या मधे, जड वाकळीखाली झोपले. दोघींचे श्वास दोन बाजूंनी. बहिणींच्या मधे झोपायचे तशीच लागली झोप, पडल्या पडल्या.

सकाळी ऊन चेहऱ्यावर आलं तेव्हा मी जागी झाले. तिघी अजून झोपलेल्या. काठावरून कौसाबाईंच्या मालकांची हाक आली.

"अगं ए, उजाडलं. चहा कवा व्हायचा?"

कौसाबाईंनी वाकळीतून तोंडसुद्धा काढलं नाही. "बाई एकली हाय. सोबत सोडून येऊ का?"

मालक गेले, आणि बऱ्याच वेळानं किटली घेऊन आले. साखर बहुधा दोनदा पडली होती. माझ्याकडे न बघता त्यांनी किटली बाभळीखाली ठेवली आणि परत गेले. कौसाबाई पडल्या पडल्या पाण्याकडे बघत होत्या.

"लगीन होऊन आले तवापासून हे पानी बघायलेय. धुनं घेऊन आले, म्हशी घेऊन आले. अशी नुसती कधी पडले न्हाई. कामाबिगर कोन येऊ देतंय?" मग बशीत चहा ओतत म्हणाल्या, "आज बी ऱ्हाता का? आमी येऊ की सोबतीला."

तारानं तंबूतून डोकं काढून माझ्याकडे आशेनं पाहिलं.

राहायचा मोह झाला. पण शब्द दिला होता, निघाले.

परतीच्या वाटेवर मी वाक्यं तयार करत होते. 'मी तंबू लावला. रात्रभर धरणावर राहिले. सकाळी सुखरूप उठले.' तिन्ही खरी. कॉन्व्हेंटच्या मुलीला अर्धं खरं बोलण्याची कला चांगली येते, आणि कबुली दिल्याशिवाय चैनही तिलाच पडत नाही. पाथरीची कमान दिसेपर्यंत तिन्ही वाक्यं पाठ होती, पण दारात हेल्मेट काढायच्या आधीच मी ह्यांना सगळं सांगून टाकलं. तिघी, वाकळ, गूळ, सगळं. "हरले," मी म्हटलं. "भावाला कळवा. थर्मास काढा."

हे हसले नाहीत. माझ्या हातातून हेल्मेट घेतलं, आत गेले, मला पाणी दिलं. मी घर पाहत होते. पलंगावर दोन्ही उशा बाजूच्या कडेला, एकावर एक. रेडिओ उशाशी. बशीत दूध-पावाचा चुरा, म्हणजे पलंगावर बसून जेवण झालेलं.

"शेजारचे विचारत होते, मुलाला झोपायला पाठवू का," हे म्हणाले. "मी नको म्हटलं."

"भीती नाही वाटली?"

"मीसुद्धा कधी एकटा झोपलो नव्हतो गं." त्यांनी पलंगाकडे पाहिलं. "आडवा झोपलो. एकदम आडवा. पाय त्या कडेला, डोकं ह्या कडेला." मग चष्मा पुसत विचारलं, "कोकणाला किती दिवस म्हणालीस?"

"बारा."

"पंधरा धर. फेरीबोटी चुकतात, घाई करू नये. आणि आम्ही मागून येऊन काय करणार? उगाच पेट्रोल."

म्हणजे मी हरले आणि जिंकलेही. मनासारखं झालं होतं, तरी दिवसभर मनाला थोडं लागून राहिलं. चाळीस वर्षं ज्या माणसाच्या शेजारी झोपले, त्याला पलंग आडवा हवा होता, आणि त्यानं कधी सांगितलं नाही. मीही कुठे सांगितलं होतं म्हणा.

फेब्रुवारीत निघते आहे. खुंट्या लांब घेतल्या आहेत, वाळूसाठी. नूडल्स दोनच पाकिटं, आणि गूळ पावशेर, कारण कोकणातही कुणी सोबतीला आलं तर हरकत नाही, असं आता मला वाटतं. एखादी रात्र एकटीची मिळाली तर मिळाली.

काल ह्यांना विचारलं, फोन रोज करू का? "एक दिवसाआड पुरे," ते म्हणाले.

मी रोज करणार आहे.