समस्त रहिवासी म्हणजे कोण?

चौकातला हा फळा वाचायला थांबलेल्या सगळ्यांनो, आजच्या बातम्या पुसून मी माझंच लिहितोय. संध्याकाळपासून वस्तीत पसरलंय, की मी हायकोर्टात केस विकून आलो. शेजारच्या यमुनाबाईंनी तर दारातच धरलं, "घरं पाडायच्या नोटिशीवर आपली केस होती ना? मंग वापस काहून घेतली गा?"

ऐका. आपण नळ मागितला, दिवा मागितला, तेव्हा अर्जाखाली 'समस्त रहिवासी' एवढंच लिहिलं. आणीबाणीपासून तोच शिरस्ता आहे. कोणा एकावर कोणी डूख धरू नये म्हणून. कोर्टातला अर्जही तसाच टाकला, 'समस्त रहिवासी मंडळ' या नावाने. आज न्यायाधीशांनी विचारलं, "हे समस्त रहिवासी म्हणजे नेमके कोण?"

मंडळाची तर नोंदणीच नाही. वकीलसाहेब माझ्या कानाशी म्हणाले, "फेटाळला तर संपलं. आत्ता मागे घेऊ, माणसांच्या नावाने पुन्हा टाकू." मी मान हलवली. कोर्टाने तशी मुभा दिली.

पण अर्जाबरोबर घरं पाडण्यावरची स्थगितीही गेली. नवा अर्ज दाखल होईपर्यंत पाडणारी गाडी केव्हाही येऊ शकते. घरी आल्यापासून ट्रकचा आवाज झाला, की मी उठून बाहेर बघतोय.

उद्या कोर्ट उघडायच्या आत नावं हवीत. मला विकलेला म्हणा, त्यावर नंतर भांडू. पहिलं नाव माझं लिहिलंय. खडू इथेच ठेवलाय. दुसरं कोणाचं?

१. श्रावण तुळशीराम, पिठाच्या चक्कीमागचं घर

२.