रोज पुसली जाणारी फाईल

कळंबच्या आमच्या दवाखान्यात कॉम्प्युटर सांभाळणारे गृहस्थ सकाळी आले की बसत नाहीत. उभ्यानेच, एक पाय हलवत, रात्रीचा स्नॅपशॉट बघतात. स्नॅपशॉट म्हणजे रुग्णांच्या सगळ्या रिपोर्टांची त्या वेळची जशीच्या तशी नोंद. मूळ गेलं तर त्यातून परत आणायचं. पडद्यावर स्नॅपशॉट नीट झाल्याची हिरवी खूण दिसली की व्यवस्थापक म्हणून माझ्या रोजच्या यादीतलं ते काम संपतं. त्यांचं संपत नाही.

“हिरवं काय, कायबी दाखवतंय,” म्हणतात आणि स्वतःचीच एक फाईल पुसून टाकतात. लेक चार वर्षांची असताना एसटीत बसून गावांची नावं बोबड्या बोलात घेत होती, त्याचं रेकॉर्डिंग. मग ते स्नॅपशॉटमधून परत आणतात.

“अहो, घरी एक कॉपी ठेवा की!”

“घरी ठिवली तर इथं नीट बघणार न्हाय मी, मॅडम.”

परवा खूण हिरवी होती आणि फाईल आली नाही. त्यांचा पाय थांबला. त्यांनी त्याच्याही आदल्या रात्रीचा स्नॅपशॉट उघडला. बराच वेळ काहीच नाही. मग आवाज आला, “कलंब… येलमाला…” शेवटपर्यंत ऐकून ते बिघाड शोधायला लागले आणि संध्याकाळी तो काढूनच उठले.

काल सकाळी त्यांचं बोट पुन्हा त्याच फाईलवर.

“आज राहू द्या,” मी म्हणाले.

“आजच तर बघायचंय,” म्हणत त्यांनी ती पुसली.

यादी माझ्या हातातच राहिली. आता माझाही पाय हलत होता.