गेनबाच्या तबकडीच्या दोन बाजू

मार्गासनीचा गेनबा पहिल्या महायुद्धाला बंदूक घेऊन गेला आणि गिटार घेऊन परत आला. गावाने ते वाद्य उलटंसुलटं करून पाहिलं आणि पोराचं डोकं तिकडेच राहिलं असं ठरवून टाकलं. पुढे मुंबईच्या एका हॉटेलात, गोवेकर मास्तराच्या बँडमध्ये, तो साहेब-मडमांना नाचवू लागला. जॅझ म्हणतात ते. हात मात्र खरंच गोड, हे कबूल केलं पाहिजे. कागदावरचे सूर संपले की तो मनाचं वाजवायचा आणि मास्तर वाजवणं थांबवून ऐकत राहायचा.

इकडे बायको ठकुबाई अकरा वर्षं एकटीने भात लावत होती. तो सुट्टीवर आला की एकच विचारायची, "तुमी तितं करता तरी काय?" घरात वडीलधारी माणसं. त्यांच्यादेखत बायकोला वाजवून दाखवायचं म्हणजे लाज कोळून प्यायल्यासारखंच. म्हणून १९३४ साली त्याची ग्रामोफोनची तबकडी निघायचं ठरलं तेव्हा तो हरखला. म्हणाला, "आता चावडीवर ऐक. समदं कळंल."

एका बाजूला तीन मिनिटं. दिवा लागला की वाजवायचं, असं तबकडीच्या कंपनीतल्या साहेबाने बजावलं होतं. दिवा लागला आणि गेनबाने हात जोडले. नमनाशिवाय वाजवायचं कसं? आधी गावचा भैरवनाथ. मग वेल्ह्याची मेंगाई. मेंगाई घेतली तर आंबवड्याचा नागेश्वर रुसायचा. देवादेवांत पहिली बाजू संपली. साहेबाला मराठीचा गंध नव्हता, त्याला वाटलं हेच गाणं. दुसऱ्या बाजूला माणसं आली: भोरचे सरकार, गावचे मानसिंग पाटील, दोन्ही भावक्या, तालीम, भजनी मंडळ. नमनाला घडाभर तेल म्हणतात, याने अख्खा घाणा रिता केला. बायकोचं नाव अर्थातच नाही, ते चारचौघांत घ्यायचं नसतं. तिच्यासाठी शेवटचं एक मिनिट उरलं, आणि त्या मिनिटात त्याने जन्मात वाजवलं नव्हतं असं वाजवलं.

तबकडी आली. पाटलाच्या फोनोपुढे चावडी भरली. देव झाले, माणसं आली. "मानसिंग पाटील" ऐकताच पाटलाने मिशीवर हात फिरवला. भजनी मंडळ संपलं की लगेच सुई उचलून पुन्हा मागे ठेवली. पुन्हा नाव, पुन्हा मिशी, पुन्हा सुई. असं पाच वेळा. लोक खूश, गेनबाला मानाचा नारळ मिळाला. ज्यांची नावं राहिली होती ते तेवढे रागावून उठून गेले. पाटलाला थांबवायची गेनबाची छाती झाली नाही.

शेवटी दाराआडून ठकुबाईच म्हणाली, "पाटील, जरा पुढचं लावता का?"

पाटलाने सुई पुन्हा मागे ठेवली. "पुडं काय न्हाई, बाई. पुडं नुसतं वाजवलंय."