चुन्याखालचा आकडा

"यात कायतरी हाय," असं म्हणून मावशीनं डावा डोळा बारीक केला, की खुशाल समजावं, कामवारी नदीच्या काठावर कोणीतरी मोजपट्टी घेऊन उतरलंय.

निजामपुऱ्याच्या मागं, नदीला पाठ टेकून तिची एक खोली होती. नवरा लूमवर कापड विणायचा. तो वारल्यावर ती एकटीच राहायची. दूधवाल्याचं दूध त्याच्यादेखत बोटावर घेऊन बघायची. मी शेजारचा, पण चहाला बोलावलं तरी विचारायची, "काम काय हाय तुझं?"

मग नदी सुंदर करायचं ठरलं. फलक लागला. त्यावर निळंशार पाणी, हिरवळ, बाकडी. फलकाखालून कापड रंगवणाऱ्या डाइंगचं जांभळं पाणी वाहत होतं. "साफ पाणी करायचा म्हनतात, न मापा आमच्या भिंतीची घेतात," मावशी म्हणाली. तुम्ही तिथं असता तर तुम्हीही मान डोलावली असती.

भिंतींवर लाल आकडे पडले. मागं रस्ता रुंद झाला तेव्हा लाल रंग लागलेली सगळी घरं पडली होती, ते तिच्या डोक्यात पक्कं बसलेलं. तिनं आकड्यावर चुना फासला. पालिकेची माणसं पुन्हा रंगवून गेली, तिनं पुन्हा फासला.

"मावशी, आकडा असेल त्यालाच बदली खोली मिळणार आहे," मी सांगितलं.

"तुला कोनी पाठवला?"

मी कपाळाला हात लावला.

तोडायला माणसं आली. पांढऱ्याफेक भिंतीपुढं उभं राहून त्यांच्या साहेबांनी विचारलं, "इसका नंबर किधर है?" घर मावशीचंच आहे, असं आम्ही शेजारी ओरडून सांगत होतो. मोबाइलमधून मान वर न काढता साहेब मावशीला म्हणाले, "बघू तुमच्या खोलीचंही."

आणि जन्मभर कोणावर विश्वास न ठेवलेल्या त्या बाईनं हे मात्र खरं मानलं! मला अजून राग येतो, कोणाचा ते सांगता येत नाही.

घर पाडल्यावर वज्रेश्वरीला लेकीकडं जाताना तिनं दाराचं कुलूप आणि किल्ली माझ्या हातात ठेवली. "खोली भेटली का ह्याच कुलूप लाव. त्यांच्या कुलपाचा भरोसा न्हाय."

लेकीचा फोन आला की मागून मावशीचा आवाज यायचा, "साहेब आलता का?" मी म्हणायचो, "येतील." पावसाळ्यात ती गेली.

खोलीच्या जागी आता बाकडं आहे. पुढं उंच भिंत घातलीय. बसलं की नदी दिसत नाही, वास तेवढा येतो.

कुलूप माझ्याकडंच आहे. अधूनमधून तेल सोडतो. अजून नीट लागतं.