निखारेवाल्यांचा उजवा हात

माझे बाबा लोहार होते. गाव त्यांना निखारेवाले म्हणायचं, कारण ते भट्टीतला जाळ सांडशीने नाही, डाव्या हाताने उचलायचे. तळहातावर कबुतर बसावं तसा तो बसायचा. मग लोखंडाला जिथे हवा तिथेच, मलम लावावं तसा ते तो लावायचे. हात भाजायचा नाही. फक्त दर वेळी थोडा बधिर व्हायचा, जाळ मोठा असेल तर जास्तच, आणि तो बधिरपणा परत जायचा नाही. हे घराबाहेर कुणाला माहीत नव्हतं.

उजव्या हातात कायम कातडी मोजा असायचा. लोकांना वाटायचं, खरी आग त्या हातात आहे.

"उजवा उघडलात तर गल्लीच जाईल की हो," शेजारचे सुतार म्हणायचे.

"म्हणून तर झाकलाय," बाबा म्हणायचे.

घरी आले की मोजा खुंटीला. त्या हाताने ते माझ्या अंघोळीचं पाणी बघायचे, कपाळाला हात लावून ताप बघायचे. तो हात त्यांनी आमच्यासाठी राखून ठेवला होता.

मी नऊ वर्षांची असताना नदीच्या बंधाऱ्याचं लोखंडी दार निखळायला आलं. वरची आणि खालची, दोन्ही बिजागऱ्या एकदमच तडकल्या. पाणी चढत होतं. बाबांनी एकदा आईकडे पाहिलं, मोजा काढून माझ्या हातात दिला आणि म्हणाले, "धर. हरवू नकोस." दोन्ही हातांत मोठा जाळ घेऊन त्यांनी दोन्ही बिजागऱ्या सांधल्या. गाव वाचलं. चौकात त्यांचा पुतळा आहे, दोन्ही तळव्यांवर ज्वाळा घेतलेला.

त्याच वर्षी मला ताप आला. बाबांनी कपाळावर हात ठेवला आणि माझ्याकडे न बघता आईच्या चेहऱ्याकडे बघितलं. आईने हलकेच मान हलवली. मग ते म्हणाले, "आहे थोडा." पुढे जन्मभर ते असंच चेहरे वाचून सांगत राहिले.

माझ्या मुलीच्या डाव्या हातात चौदाव्या वर्षी आग आली. त्याच दिवशी मी तिच्या उजव्या हातात आजोबांचा मोजा चढवला. आता ती बावीसची आहे, भट्टी तीच चालवते. आणि आज सकाळी बंधाऱ्यावरचा मुकादम दारात उभा राहिला.

"ताई, बिजागऱ्या पुन्हा गेल्यात. लेकीला पाठवा. दोन्ही हात लागतील."

"एकच येईल."

"पुतळ्याला दोन आहेत," तो म्हणाला.

"आई, मी बघते ना," म्हणत ती चपला घालून निघालीसुद्धा. मला येऊ दिलं नाही. म्हणे, तू आलीस की माझं लक्ष तुझ्याकडेच जातं.

दिवसभर मी एकच ओटा चार वेळा पुसला. संध्याकाळी ती आली. मोजा हातात नव्हता, खिशातून लोंबत होता.

"मोजा का काढलास?"

"घामाने चिकटत होता गं." तिने उजवा हात माझ्या कपाळावर ठेवला. "बघ, काळजी करून करून अंग तापवून घेतलंस." आणि माझ्या चेहऱ्याकडे बघत राहिली. अगदी बाबांसारखी.

 मी उठून चुलीशी गेले. पाणी उकळलं, बिनकानाच्या स्टीलच्या पेल्यात काठोकाठ ओतलं आणि तिच्या उजव्या हाताशी ठेवलं. आई म्हणून मला हे शोभत नाही, पण दुसरं काही सुचेना.

तिने पेला उचलला आणि तसाच टाकला. पाणी जमिनीवर.

"आई गं, केवढा तापलाय. सांगायचंस तरी."

मी तिचा हात धरून नळाखाली नेला. बोटं लाल झाली होती. मी ती लाली बघत राहिले.

"हसतेस काय? भाजलंय मला."

"कळतंय मला. मग दोन्ही बिजागऱ्या कशा केल्यास?"

"दोन्ही कुठे? ओंडके लावून दार टेकवलं. मीही उचलू लागले, म्हणून मोजा काढला. मग वरची केली, खालची उद्या. मुकादम कुरकुरला, आजोबांनी एका दमात केलं होतं म्हणे. म्हटलं, त्यांना ओंडके कुणी आणून दिले नव्हते."

आता ती झोपली आहे, बोटांना ओलं फडकं गुंडाळून. ओंडके उद्यापर्यंत टिकतील, असं तीन वेळा सांगून झोपली. मोज्याच्या अंगठ्याची शिवण उसवली आहे. ती सकाळच्या आत घालायला हवी.