कोचनं ओंजळ धरली

ये गं, अशी जवळ सर. कागदावर का होईना, जवळ बस. फोनवर काय म्हणालीस? "आत्या, तू अजून त्या सौदीवरून चिडतेस?" आणि वर हसलीस. लाडाची भाची आहेस म्हणून सोडते, पण हे काय हसण्यावारी न्यायचं आहे? गप बस आणि ऐक. म्हणून तर लिहून काढतेय. बोलताना तू सारखी मधे तोंड घालतेस.

दम्माम. भर दुपार. अंगणातली फरशी तव्यासारखी तापलेली. मी मागच्या पायरीखाली वाकून उभी. दोन्ही हात जुळवून तोंडाशी. बाई वरच्या पायरीवरून जगमधलं पाणी ओततायत. चांगलं हातभर उंचावरून. निम्मं माझ्या तोंडात, निम्मं कोपरावरून पदरावर.

"झालं?"

"अजून थोडं, बाई."

"किती पितेस गं! म्हशीसारखी."

आत एसी, फ्रीज, रंगीत टीव्ही. तेलाचा पैसा नुसता वाहत होता तेव्हा. रोज नवा रस्ता, रोज नवी इमारत. आणि त्या सगळ्याच्या मधे माझी ओंजळ. आमच्या गावाकडून विमानात बसून आलेली.

तुला वाटेल, नळाचं का नाही प्यायले. अगं, तिथं दोन नळ. एकाला खारं पाणी, धुण्यापुसण्याचं. दुसरा स्वयंपाकघरात, गोड्या पाण्याचा. त्यांचा संडास मी घासायचा. फरशी मी पुसायची. त्यांच्या पोरीच्या, मिनीच्या, वेण्या मी घालायच्या. गोड्या नळाला मात्र बोट लावायचं नाही. बाईंनी पहिल्याच दिवशी सांगितलं, अगदी गोड आवाजात. "तुला ठाऊकच आहे, नाही का?"

ठाऊक होतं. बाई आणि साहेब आमच्याच तालुक्यातले. आमची बौद्धवाडी गावाच्या कुठल्या टोकाला, हे त्यांना नकाशा न बघता सांगता येत होतं. साहेब तेलकंपनीत मोठे इंजिनियर. तुझे आतोबा त्यांची गाडी चालवायचे, मी घरकाम. साहेबांनीच कफीलकडे, म्हणजे व्हिसा देणाऱ्या तिथल्या अरब मालकाकडे, शब्द टाकून आम्हा दोघांना नेलेलं. म्हणजे इकामा, तिथं राहायचा परवाना, आमच्या नावाचा, पण दोरी त्यांच्या हातात. तोंड उघडलं की दोघं खलास. हे मला रोज आठवायचं आणि हात आपोआप जुळायचे.

आता कोचचं सांगते. वसाहतीत एक अमेरिकन होता, काळा, ताडमाड उंच. दारातून येताना मान वाकवायचा. पोरंपोरी त्याला कोच म्हणायची, मग आम्हीही. कॉलेजात असताना बास्केटबॉल खेळायचा. नुसता खेळायचा नाही, गाजलेला. आमच्या बंगल्यामागंच मैदान. संध्याकाळी तो मिनीला आणि बाकीच्या पोरींना शिकवायचा. मी कपडे वाळत घालताना बघायची. लांबून चेंडू टाकायचा, तो जाळीत असा पडायचा की आवाजसुद्धा नाही. मी एकदा आतोबांना म्हटलं, एवढा मोठा खेळाडू इथं वाळवंटात पोरी का खेळवतोय? ते म्हणाले, "पोटासाठी. आपण काय हवा खायला आलोय?"

एकदा खेळ संपवून तो मिनीला मागच्या दारानं सोडायला आला. मी नेमकी ओंजळ धरून. तो बघत राहिला. घामानं निथळत होता, तहानलेला. आणि काय केलं माहितेय? पुढं आला, माझ्या शेजारी वाकला आणि परातीएवढे तळहात जुळवून तोंडाशी धरले!

अगं, त्याला ती रीत वाटली! आपल्याकडची, पाहुण्याला पाणी द्यायची. सौदी लोकांकडं जेवायला जाऊन तो उजव्या हातानं भात खायला शिकला होता, तसंच हेही. एवढा मोठा माणूस माझ्यासारखा वाकलेला. हसरा.

बाईंचा हात जागच्या जागी थिजला. "नो, नो, कोच! नॉट यू! ग्लास, ग्लास!"

"व्हाय? शी डिड."

 आतोबा गाडी पुसत होते, त्यांचं फडकं थांबलं. उत्तर दिलं मिनीनं. दहाअकरा वर्षांची पोर, इंग्रजी शाळेतली, सरळ बोलणारी. "शी कान्ट टच अवर वॉटर, कोच."

एवढं इंग्रजी मला कळलं. पोरीच्या तोंडून कळलं, जिच्या वेण्या सकाळी मी घातल्या होत्या.

कोचनं हात खाली केले. सावकाश. बाई धावत जाऊन काचेचा ग्लास घेऊन आल्या, बर्फ घातलेला. त्यानं घेतला नाही. पायरीवर बसला आणि मिनीशी बोलायला लागला. आतोबा मला हळूच मराठीत सांगत होते, तेवढंच मी सांगते.

म्हणाला, मी कॉलेजचा सगळ्यात चांगला खेळाडू होतो. हजारो लोक माझं नाव घेऊन ओरडायचे. पण दक्षिणेकडच्या गावांत सामना असला की संघ हॉटेलात जेवायचा आणि माझं ताट स्वयंपाकघराच्या मागच्या दारातून यायचं. बसमध्ये बसून खायचो. तीन वर्षं खाल्लं. शेवटच्या वर्षी ताट परत पाठवलं. आमच्या संघाचा कोच म्हणाला, खा, नाहीतर बाकावर बस. मी बाकावर बसलो. ते अख्खं वर्ष बसलो. मोठ्या संघांची माणसं खेळाडू निवडायला यायची, ती खेळणाऱ्यांना बघायची. बाकावरच्याला कोण बघतो? संपलं माझं करिअर.

मिनीनं विचारलं, "मग वाईट नाही वाटलं?"

"अजून वाटतं," म्हणाला. "रोज."

उठला आणि तहानलेला गेला.

तो गेल्यावर बाई माझ्यावर तुटून पडल्या. "परक्यासमोर तमाशा केलास! घरचं उघड्यावर आणलंस!" मी? मी काय केलं? मी पाणी पीत होते! साहेब आल्यावर त्यांनी आतोबांना उभं केलं. "हिला सांग, बाईंची माफी माग. आणि यापुढं कोच दिसला की आत व्हायचं. नाहीतर कफीलला एक फोन, बस."

आतोबांनी मान खाली घातली. खोलीवर आल्यावर म्हणाले, "मी काही सांगणार नाही. तुझी तहान तुला ठाऊक."

दुसऱ्या दिवशी कपडे धुऊन घसा कोरडा पडला. बाई जग घेऊन वरच्या पायरीवर आल्याच. वाट बघत उभ्या. आधी माफी, मग पाणी, असं तोंडावर लिहिलेलं. माझे हात वर निघाले, खरंच निघाले. लहानपणापासूनची सवय ती. मी ते हात कमरेला पुसले. पायरी चढले. बाईंच्या बाजूनं आत गेले, फळीवरचा ग्लास घेतला, गोडा नळ उघडला आणि उभ्यानं प्यायले. घटाघटा. अंगावर थेंब सांडला नाही.

"बाटवलंस! घर बाटवलंस!" बाईंनी ग्लास हिसकून कचऱ्यात टाकला.

मी दुसरा घेतला. "बाई, ग्लास किती टाकाल? नळ कुठं टाकणार? समुद्राचं पाणी गोडं करतात इथं. त्या समुद्राला विचारलं होतं का, कुणाकुणाचे पाय धुऊन आलास?"

दुसराही ग्लास रिकामा केला. दारात मिनी उभी होती. बघत होती. मी तिच्याकडं बघितलं आणि नळ बंद केला, नीट, घट्ट. पाणी मी कधी वाया घालवत नाही.

कफीलला फोन झाला. पासपोर्टवर परतीचा शिक्का बसला. यल्ला, चला. विमानतळाच्या वाटेवर आतोबांनी एकच विचारलं, "पोटभर प्यायलीस ना?"

गावी येऊन बरं झालं, असं सांगणार नाही. घर अर्धवट राहिलं, आतोबांना दुसऱ्यांदा परदेश मिळाला नाही, मुलाचं शिक्षण अडलं. निळ्या कोटातल्या फोटोपुढं दिवा लावताना कितीदा विचारलं, बरोबर केलं ना मी? फोटो काय बोलणार. माझं उत्तर मीच दिलं, आणि ते बदललेलं नाही. त्यानंतर मी कुणापुढं वाकून पाणी प्यायले नाही. लग्नात नाही, देवळाच्या पायरीवर नाही, हॉस्पिटलात नाही. ग्लास देत नसाल तर मी नळाशी जाईन. नळाशी जाऊ देत नसाल तर तिथंच उभी राहून भांडेन. मरेपर्यंत. आणि माझा राग उतरावा असं मला वाटतच नाही, बरं का. तो उतरला की हात पुन्हा जुळतील.

हसायचं तर इथं माझ्यासमोर येऊन हस. सुट्टी मिळाली की ये, उगाच दिवाळीची वाट बघू नकोस. दार वाजवत थांबू नकोस, सरळ आत स्वयंपाकघरात ये.